पुढची काच

आई बरीच वर्षं म्हणत होती, एकदा मला देवास दाखव. तिचं माहेर सुळेभावीच्या जवळच्या एका गावातलं. सुळेभावीत ८ एप्रिल १९२४ रोजी जन्मलेला शिवपुत्र कोमकलीमठ नावाचा मुलगा पुढे कुमार गंधर्व झाला आणि माळव्यातल्या देवासला जाऊन राहिला, याचा तिला घरच्या माणसासारखा अभिमान. गाण्यातलं तिला फार कळतं असं नाही. पण ‘आमच्याकडचा माणूस तिकडे का गेला, ते गाव कसं आहे, बघायचंय’ हे तिचं म्हणणं. शेवटी गेल्या हिवाळ्यात कॉलेजला चार दिवसांची सुट्टी जोडून आली आणि आम्ही गाडी काढली. मी, आमचे हे आणि आई. गुडघ्यांमुळे आई नेहमी पुढच्या सीटवर बसते. हे लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

बेळगावहून देवास हजार किलोमीटरच्या आसपास पडतं. पुणे, नाशिक, धुळे करत दुसऱ्या दिवशी संध्याकाळी खलघाटला नर्मदा ओलांडली. आईने पुलावरून हात जोडले आणि पाचेक मिनिटांतच समोरच्या डंपरमागून एक खडा उडून काचेवर बसला. टक्‌ असा आवाज झाला. आईच्या बाजूला, खाली, रुपयाच्या नाण्याहून लहान असा टवका उडाला होता. ‘एवढ्याने काय होतंय,’ म्हणत आम्ही गुजरीहून धारचा रस्ता धरला. धारला यांच्या आत्या राहतात. पवारांच्या संस्थानाच्या काळात तिकडे गेलेल्या मराठी घरांपैकी त्यांचं घर. रात्री तिथे मुक्काम आणि सकाळी उठून इंदूरवरून देवास, असा बेत होता.

माळव्यातली जानेवारीची पहाट आपल्याकडच्यासारखी नसते. गाडी अंगणात उघड्यावर होती. काचेवर बाहेरून दव, आम्ही आत बसताच आतून वाफ. समोरचं काही दिसेना. निघायची घाई होती आणि त्या वेळी चाकावर मी होते. इंजिन जरा तापताच ब्लोअर पूर्ण गरम करून सगळा झोत काचेवर सोडला. दोन मिनिटांत वाफ जायला लागली, आणि काल संध्याकाळच्या त्या टवक्यातून एक रेघ निघून वर चढत माझ्या डोळ्यांसमोरून पार पलीकडे गेली. आई एवढंच म्हणाली, “गाजु ओडीतु.”

खडा डंपरचा होता, पण काच फोडली मी. स्वयंपाकघरातली कोणतीही बाई सांगेल, गार काचेच्या पेल्यात उकळता चहा ओतू नये. जिथे गरम लागतं तिथली काच फुगते, बाजूची गार काच फुगत नाही, आणि ताण पडतो. धड काच एवढा ताण सोसते. पण कापडाला कात्री लागलेली असली की ते जसं टर्रकन फाटतं, तसं टवका असलेल्या काचेचं होतं. असा टवका उडाला तर त्यावर लगेच पारदर्शक चिकटपट्टी लावावी, म्हणजे धूळ-पाणी आत जात नाही. मग पहिल्या मोठ्या गावात तो भरून घ्यावा. नाण्याएवढा टवका असेल आणि चालकाच्या नजरेच्या टापूत नसेल, तर त्यात पातळ रेझिन भरून काच वाचवता येते. तोवर काचेवर गरम हवेचा झोत नको आणि गरम पाणी तर कधीच नको.

आत्याच्या ओळखीने काच बसवणारा एक तरुण आला. तडा चालकाच्या नजरेसमोर आडवा गेलेला, अशा गाडीने इंदूरपर्यंत जाऊ नका, असं त्याने पहिल्यांदा सांगितलं. काच इथेच मागवतो, दुपारपर्यंत येईल. तेवढ्यात माझ्या भावाचा टोरांटोहून फोन आला. आईची चौकशी झाली आणि काचेची हकिगत ऐकल्यावर तो म्हणाला, “ताई, बदलतेच आहेस तर हीटेड काच बसव. बटण दाबलं की मिनिटात स्वच्छ. आमच्याकडे त्याशिवाय जमत नाही.”

मला ते पटलं. सकाळचा धडा ताजा होता. मी त्या तरुणाला विचारलं. तो हसला आणि मला गाडीच्या मागे घेऊन गेला. “मॅडम, तापणारी काच तुमच्याकडे आहेच,” म्हणत त्याने मागच्या काचेवरच्या आडव्या तांबूस रेघा दाखवल्या. त्या शोभेच्या नसतात. तो डीफॉगर असतो. बटण दाबलं की त्या रेघांतून वीज जाते, काच कोमट होते आणि वाफ उडते. आपल्यापैकी कितीतरी जण मागच्या काचेवरचे स्टिकर ब्लेडने खरवडताना त्या रेघा तोडतात आणि मग डीफॉगर चालत नाही म्हणतात. ती काच रेघांच्या दिशेने, मऊ फडक्यानेच पुसायची असते.

पुढच्या काचेचं गणित वेगळं आहे. ती लॅमिनेटेड असते, म्हणजे काचेचे दोन थर आणि मध्ये प्लास्टिकचा पातळ, चिवट पडदा. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ एदुआर बेनेदिक्तुस यांनी अशा काचेचं पेटंट १९०९ मध्ये घेतलं. खडा लागला तरी ही काच तडकते पण तुकडे होऊन अंगावर येत नाही, ते याच पडद्यामुळे. मागची काच टफन्ड असते. ती फुटली की तिचे बोथट, बारीक खडे होतात. हीटेड विंडशील्डमध्ये त्या मधल्या पडद्यात केसाहून बारीक तारा असतात किंवा धातूचा न दिसणारा लेप असतो. फोर्ड कंपनीने युरोपात १९८० च्या दशकात हा प्रकार आपल्या गाड्यांत आणला. तिथे सकाळी काचेवर बर्फ जमतो आणि तो खरवडण्यात वेळ जातो. त्यासाठी वीजही बरीच लागते. तेवढी वायरिंग, तेवढा रिले, तेवढ्या ताकदीचा आल्टरनेटर कारखान्यातूनच गाडीत यावा लागतो. आपल्या साध्या गाडीला नुसती तशी काच आणून चालत नाही, आणि आमच्या मॉडेलसाठी तशी काच निघतच नाही. काही महागड्या परदेशी गाड्यांना ती असते. त्यांच्या मालकांनी काच बदलताना ती तशीच आहे ना, हे बघून घ्यावं.

आपल्याकडे अडचण बर्फाची नाही, वाफेची आहे. बेळगावच्या पावसाळ्यात, आंबोली किंवा चोर्ला घाटात जी काच धुरकट होते, तीही वाफच. त्याला उपाय गाडीत आधीच असतो. एसी चालू करायचा, कारण तो हवेतला ओलावा काढून घेतो. हवा आतल्या आत फिरवण्याचं बटण बंद करून बाहेरची हवा घ्यायची. झोत काचेकडे वळवायचा, पण ऊब बेताबेताने वाढवायची. आणि काच आतून स्वच्छ ठेवायची. मळकट काचेवर वाफ लवकर धरते. हे एवढं मी सकाळी केलं असतं तर ती रेघ कदाचित धावलीच नसती.

दुपारी काच आली. बसवण्याआधी त्या तरुणाने मला ती पाहायला लावली. कोपऱ्यातला शिक्का, त्यात ‘लॅमिनेटेड’ ही खूण, आयएसआयचा मार्क आणि आयएस २५५३ हा मानक क्रमांक. नियमाप्रमाणे पुढच्या काचेतून निदान ७० टक्के उजेड आत आला पाहिजे, म्हणून काळसर छटेच्या मोहात पडायचं नाही. मग काच उभी धरून त्यातून समोरच्या विजेच्या खांबाकडे बघायचं आणि मान हळूहळू हलवायची. खांब लचकल्यासारखा दिसला तर ती काच परत पाठवायची. अशा काचेमागे बसून दिवसभर गाडी चालवली की डोकं धरतं. आरशाची बैठक, पावसाचा सेन्सर, कडेची काळी नक्षी जुन्या काचेसारखीच आहे ना, हेही बघायचं. नव्या गाड्यांत काचेमागे कॅमेरा असतो. तसं असेल तर काच बदलल्यावर त्या कॅमेऱ्याची जुळणी पुन्हा करावी लागते, आणि ते काम कंपनीच्या वर्कशॉपमध्येच केलेलं बरं.

जुनी काच तारेने कापून काढली, कडेचा जुना सीलंट थोडासाच ठेवून तासला, प्रायमर लावला, नव्या सीलंटची अखंड वळी फिरवली आणि दोघांनी मिळून काच अलगद बसवली. साडेचार वाजले होते. देवास शंभर किलोमीटर. यांनी बॅगा गाडीत ठेवायला सुरुवात केली.

“आज नाही,” तो तरुण म्हणाला.

आम्ही दोघांनीही वाद घातला. देवासला खोली घेऊन ठेवली होती, एक दिवस वाया गेला होता आणि काच हाताला तर घट्ट लागत होती. आमच्याच गल्लीत एका शेजाऱ्याने अशीच काच बसवून तासाभरात गाडी बाहेर काढली होती, हेही मी सांगितलं. त्याच गाडीत पहिल्या वळवाला पाणी गळलं होतं, ते मात्र सांगितलं नाही. त्याने सीलंटची नळी दाखवली. हा सीलंट हवेतल्या ओलाव्याने घट्ट होतो आणि थंडीत त्याला जास्त वेळ लागतो. नळीवर लिहिलेले तास उबदार हवेचे आहेत, इथे आज रात्री कुडकुडायला होईल. मग तो आईकडे वळून म्हणाला, “माँजी पुढे बसतात ना? धडक बसली आणि त्यांच्या समोरची एअरबॅग उघडली, तर ती आधी काचेवर आपटते आणि मग त्यांच्याकडे येते. काच सुटली तर फुगा बाहेर जाईल. गाडी उलटली तर छताला आधारही या काचेचाच असतो. सकाळी जा.”

त्याला पैसे मिळाले होते. आम्हाला जाऊ दिलं असतं तर त्याचं काहीच बिघडलं नसतं. मी मुलांना वर्गात वीस वर्षं शिकवते आहे. विषय माहीत असणं वेगळं आणि समोरचा चिडला तरी बरोबर तेच सांगणं वेगळं, हे मला कळतं. त्यामुळे मी गप्प बसले.

बिल ६,८०० रुपये झालं. विम्यात काचेला घसारा कापत नाहीत, म्हणून दावा करायचा विचार होता. हिशोब मांडला. लहान गाडीला सक्तीचे १,००० रुपये आपले जातात, म्हणजे ५,८०० मिळणार. पण दावा केला की नो क्लेम बोनस शून्यावर येतो. पुढच्या नूतनीकरणाला आमची सूट ५० टक्के होणार होती. गाडीच्या नुकसानीचा मूळ हप्ता ६,००० धरला तर पहिल्या वर्षी ३,०००, दुसऱ्या वर्षी १,८०० आणि तिसऱ्या वर्षी १,५०० रुपये जास्त भरावे लागले असते. बेरीज ६,३००. दावा केला नाही. ज्यांनी बोनस वाचवणारी जोड घेतली आहे किंवा ज्यांची काच महाग आहे, त्यांचं गणित वेगळं येईल. पण दावा करण्याआधी कागद-पेन्सिल घ्यावी.

निघताना त्या तरुणाने आणखी दोन गोष्टी सांगितल्या. रात्रभर एक खिडकी बोटभर उघडी ठेवा, नाहीतर दार जोरात लावलं की आतली हवा ओल्या सीलंटला ढकलते. आणि दोन दिवस गाडी पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुऊ नका.

रात्री आत्याने दाल-बाफले केले. मी अजून घुश्शातच होते. आई म्हणाली, “कुमारांना क्षयाने गाठलं म्हणून ते कोरड्या हवेसाठी १९४८ मध्ये इकडे आले ना? डॉक्टरांनी गाऊ नका म्हणून सांगितलं, तर पाच एक वर्षं गायले नाहीत. आपल्याला एक रात्र थांबायला काय झालं?” मग नेहमीच्या सुरात, “सावकाश होगोणू.” आमच्या घरात बाबांची भाषा मराठी आणि आईची कानडी. त्यात ‘सावकाश’ हा शब्द नेमका कोणाचा, यावर दोघांचं कधी भांडण झालं नाही. आत्यालाही तो समजला.

सकाळी पुन्हा दव होतं. मी फडक्याने काच पुसली, एसी लावला, बाहेरची हवा घेतली आणि काच आपोआप निवळेपर्यंत पाच मिनिटं हात मांडीवर ठेवून बसले. दहाच्या सुमाराला देवासची टेकडी दिसली. वर तुळजाभवानी आणि चामुंडा, दोन्ही देवी. आईने पुढच्या सीटवरून, त्या नव्या काचेतून हात जोडले. गुडघ्यांमुळे तिला वर चढायचं नव्हतं. खाली उतरून ‘भानुकुल’च्या बाहेर ती थोडा वेळ उभी राहिली, आणि मग म्हणाली, “चल, बघितलं.”