पडद्यावरचा खलनायक आणि जोतीराव

मैत्रिणींनो, सदाशिव अमरापूरकर म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे आधी कोण येतं? ‘अर्धसत्य’मधला रामा शेट्टी, नाहीतर ‘सडक’मधली महाराणी! अहो, त्यांच्या नुसत्या हसण्याला पोरं घाबरायची. पण नगरच्या या नटाची दुसरीही एक बाजू होती, आणि ती मुलांना आवर्जून दाखवावी अशी आहे.

१९७९ च्या ‘२२ जून १८९७’ या चित्रपटात ते लोकमान्य टिळक झाले. पुढे श्याम बेनेगलांची ‘भारत एक खोज’ ही ५३ भागांची मालिका १९८८ साली दूरदर्शनवर सुरू झाली, तिच्यात ते महात्मा फुले झाले. टिळक आणि फुले! मुलींच्या शिक्षणाबाबत तर दोघांचे विचार अगदी वेगळे. पण नटाला दोघांच्याही मनात शिरावं लागतं. शिवाय खलनायकाला डोळे वटारून भाव खाता येतो, तसं इथे चालत नाही. पागोट्यातले फुले आपण पाठ्यपुस्तकात पाहिलेले असतात. त्या चित्रातून हाडामांसाचा, बोलता माणूस उभा करायचा, हे काम सोपं नव्हे.

मी महाडला शाळेत अर्धवेळ शिकवते. पोलादपूरकडून एस.टी.ने मुली येतात. दहावी झाली की ‘आता पुरे’ म्हणणारी घरं अजून आहेत, बरं का! तिथे आमच्या उपदेशाचा फारसा उपयोग होत नाही. पण १८४८ साली पुण्यात मुलींची शाळा काढणाऱ्या जोतीराव-सावित्रीबाईंना त्यापायी वडिलांचं घर सोडावं लागलं, ही गोष्ट घरातल्या वडीलधाऱ्यांनाही भिडते.

ही मालिका आता फोनवरही मिळते. रात्रीची जेवणं आटोपली की सासूबाईंसकट सगळ्यांनी मिळून फुल्यांचा भाग बघा. मुलांना विचारा, यातलं पुस्तकात काय आहे आणि नटाने आपलं काय घातलं? सुट्टीत त्यांना आमच्या चवदार तळ्यावर आणा. २० मार्च १९२७ रोजी इथलं पाणी ओंजळीत घेणाऱ्या बाबासाहेबांनी फुल्यांना गुरू मानलं होतं, हेही सांगा.

आणि मग, घरात सगळे खुशीत असताना, लेकीच्या अकरावीच्या फॉर्मचा विषय हळूच काढा.