मयताचा सातबारा

आमच्या यवतमाळात कर्जापायी कोणी जीव दिला, की सरकारचा पहिला प्रश्न असतो: सातबारा कोणाच्या नावावर? वावर घरच्यांच्या नावावर हवे. कर्ज बँकेचे, सोसायटीचे, नाहीतर परवानाधारक सावकाराचे हवे. वर वसुलीचा तगादाही हवा. सगळे जुळले तर मयत 'पात्र', नाहीतर 'अपात्र'. लग्नाच्या बाजारातला हा शब्द मसणवटीत कोणी आणला, त्या भाषाप्रभूचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार करायला हवा! पात्र घराला लाख रुपये: 30,000 हातात, 70,000 ठेवीत. विधवेने पैसा उधळू नये, ही काळजी. काटकसरीचा धडा, आणि तो द्यायचा कोणी? मंत्रालयाने!

आता मक्त्याने वावर वाहणाऱ्याचे बघा. त्याचा मक्ता तोंडी, कारण कागद केला तर कूळ लागेल म्हणून मालकाची झोप उडते. कागद नाही म्हणून बँक उभी करत नाही. मग तो बिनपरवाना सावकाराचे पाय धरतो. म्हणजे जमीन परक्याची, सावकार बेकायदा, आणि अपात्र कोण? हा! सावकाराला कोणी अपात्र ठरवल्याचे माझ्या तरी ऐकिवात नाही. सालदार, निंदणाला जाणारी बाई, कापूस वेचणारी म्हातारी, यांची तर चौकशीसुद्धा नको. सातबाऱ्याच्या तत्त्वज्ञानानुसार ही मंडळी वावरात कधी उतरलेलीच नाहीत. कापूस आपोआप घरी येतो.

2017 ची फवारणी आठवते ना? डोक्याएवढी पऱ्हाटी, आणि पाठीवर पंप घेऊन तिच्यात शिरलेली माणसे. जिल्ह्यात वीसेक जण विषबाधेने गेले, शेकडो दवाखान्यात पडले. त्यांत रोजीवर गेलेले मजूरही होते. यावर शहाण्यांनी शोध काय लावला? तोंडाला मास्क नव्हता, हातात मोजे नव्हते. अरेच्चा! दुसऱ्याच्या वावरात, दुसऱ्याने आणलेले औषध, दुसऱ्याने सांगितले तसे कालवून मारायचे. मजुराचे स्वतःचे म्हणून त्यात एकच काय ते होते: निष्काळजीपणा. निदान एका गोष्टीची मालकी तरी सरकारने त्याच्या नावावर चढवली. तीही फेरफाराशिवाय.

आणि जिल्हा कोणाचा? गहुलीच्या वसंतराव नाईकांचा. 1963 ते 1975 मुख्यमंत्री. त्यांच्या जयंतीला, 1 जुलैला, कृषी दिन साजरा होतो. अशाच एका सोहळ्यात भाषण रंगेना म्हणून मी वक्त्याचा 'बळीराजा' मोजत बसलो. सतरा वेळा आला. 'मजूर' हा शब्द एकदाच कानावर पडला. मंडप उठला होता आणि सतरंज्या उचलायला माणसे कमी पडत होती.