पतंगाचे पंचांग

गुलाबी बोंडअळीचे नाव विदर्भात, मराठवाड्यात, खानदेशात पोरासोरांनाही ठाऊक आहे. पण ती ज्याच्यापासून येते तो पतंग दाखवा म्हटले, तर जन्मभर कापूस पिकवणाराही क्षणभर थबकेल. त्यात त्याचा दोष नाही. पंख पसरून जेमतेम दीड सेंटिमीटर भरणारा हा मातकट करडा जीव. पुढच्या पंखांवर काळपट पट्टे, मागचे पंख रुपेरी आणि कडेला केसांची झालर. दिवसा जमिनीच्या भेगांत, पालापाचोळ्यात दडून बसायचे आणि सगळा संसार रात्री करायचा. भडोचच्या कापसात १८४२ साली सापडलेल्या नमुन्यांवरून कीटकशास्त्रज्ञ साँडर्सने त्याचे पहिले शास्त्रीय वर्णन केले, म्हणजे हा काही परका पाहुणा नव्हे.

मादी पात्यांवर, फुलांवर, कोवळ्या बोंडांवर अंडी घालते. फुलात शिरलेली अळी पाकळ्या धाग्यांनी आतून शिवून टाकते, मग फूल उमलतच नाही. हीच डोमकळी, उकलून पाहिली तर आत परागांवर ताव मारणारी अळी सापडते. बोंडाचे मात्र तसे नाही. अळी शिरते तेव्हा इतकी बारीक असते, की तिचे छिद्र बोंड वाढता वाढता बुजून जाते. बाहेरून बोंड हिरवेगार, आत सरकी पोखरलेली. वेचणीला हाती येते ती कवडी. औषध बोंडावर आणि अळी बोंडात, असा हा फवारणीचा खेळ.

साधारण महिन्याभरात एक पिढी उरकते. दिवस लहान होऊ लागले, की उशिराच्या अळ्या सरकीत, किडक्या बोंडांत, पऱ्हाटीच्या ढिगात सुप्त पडून राहतात आणि पुढच्या हंगामाच्या तोंडाशी पतंग होऊन बाहेर पडतात. तेव्हा शिवारात पाते-फूल नसेल, तर त्यांचा वंश तिथेच खुंटतो. भेंडी-अंबाडीच्या कुळावर तो निभावतो, पण त्याची खरी भिस्त कापसावरच. हे पंचांग मोडायला औषध लागत नाही, काही महिने रिकामे शिवार लागते. आपण नेमके उलटे केले. लांब मुदतीची संकरित वाणे, फेब्रुवारी-मार्चपर्यंत ओढलेले जुनेच पीक म्हणजे फरदड, जिनिंगच्या आवारातली सरकी आणि ओलितावरची हंगामपूर्व लागवड. पंगत उठूच दिली नाही.

बोंडअळीला मारणारे जनुक घातलेला बीटी कापूस २००२ मध्ये आला, अशा दोन जनुकांचा २००६ मध्ये. गुजरातेतल्या अळीने पहिले जनुक पचवल्याचे २०१० मध्ये उघड झाले आणि २०१७ मध्ये विदर्भाने दोन्ही जनुकांचा पराभव आपल्या बोंडांत पाहिला. बीटीला न सरावलेले पतंग शिल्लक राहावेत म्हणून पाकिटासोबत बिगर-बीटीची पुडी येई. ती अनेक ठिकाणी बांधावरच पडून राहिली. पण मुद्दाम अळीला खाऊ घालण्यासाठी चार ओळी पेरा, हे पटवून सांगायला शेतापर्यंत गेले किती जण?

अमेरिकेने २०१८ मध्ये आपल्या कापूसपट्ट्यातून या किडीचे उच्चाटन झाल्याचे जाहीर केले. बीटी तिथेही होतेच. पण जोडीला विमानातून सोडलेले वांझ पतंग होते, नर-मादीची गाठ पडू न देणारे कामगंध होते आणि हंगाम संपताच पऱ्हाटी गाडण्याची सक्ती होती. तिथली शेते अफाट, शेतकरी मोजके आणि खिशात पैसा, हे खरेच. तरीही मोहीम एकेका शेताची नव्हती, सबंध पट्ट्याची होती. आपल्याकडचा सल्ला मात्र एकट्या शेतकऱ्याला: कामगंध सापळ्यात सलग तीन रात्री आठ-आठ पतंग आले, तर फवारा. शेजारच्या वावरात फरदड उभी असेल, तर या फवारणीचे मोल किती? पतंगाला सातबारा कळत नाही.

फरदडीला हाव म्हणणे सोपे आहे. बियाण्याचा नवा खर्च नाही, हाताशी थोडे पाणी आहे आणि घरात दुसरी आवक नाही, अशा वेळी उभे पीक उपटायला छाती लागते. उपटायची मजुरी वेगळीच. गावाच्या भल्यासाठी शेवटची वेचणी सोडा, असे सांगायचे असेल, तर त्या वेचणीचे पैसे गावाने किंवा सरकारने मोजले पाहिजेत, आणि तेही डिसेंबरात, पऱ्हाटी उभी असताना.