धसक्याला रकाना नाही



दाव्यांची, अपिलांची आणि तारखांची माहिती नेहमीप्रमाणे आतल्या पानांवर आहे. पहिलं पान आज वेगळ्या गोष्टीला दिलंय. गेल्या काही बैठकांत गटाचं काम संपलं की दोघं-चौघं मागं थांबतात. बोलणं जमिनीवरून सुरू होतं आणि भलतीकडंच जातं. झोप येत नाही. छातीत धडधडतं. गाडीचा आवाज आला की पोरं घरात पळतात. नवरा बोलतच नाही, नुसता बांधावर बसून राहतो. कुणाला दारू सुटत नाही. दवाखान्यात दाखवलं तर रिपोर्टमधे काहीच निघत नाही, गोळ्या देऊन घरी पाठवतात. शेवटी कुणीतरी म्हणतं, "त्यानं धसका घेतलाय."

धसका हा आपला शब्द चांगला आहे. डॉक्टरी पुस्तकात याला लांबलचक नावं आहेत, पण आपल्या आयाबायांनी हे आधीच ओळखलं होतं. धसका घेणं, हाय खाणं, घोर लागणं, काळजाला घर पडणं. एवढे शब्द ज्या भाषेत आहेत, त्या भाषेतल्या माणसांना हे दुखणं जुनंच असणार. ते आपण एकमेकांत बोलतो, कागदावर मात्र कधी येत नाही. पंचनाम्यात घर किती खणांचं, झाडं किती, पीक किती गुंठे, हे सगळं भरतात. वनहक्काच्या नमुना अ मधे क्षेत्र, कुटुंबातली माणसं, पुरावे यांना जागा आहे. धसक्याला रकाना नाही.

एक गंमत सांगतो. सरकारच्या कायद्याला हे दुखणं ठाऊक आहे. 1894 च्या जमीन संपादन कायद्यात जमिनीच्या बाजारभावावर आणखी 15 टक्के देत, 1984 मधे ते 30 टक्के झाले. 2013 च्या नव्या कायद्यात मोबदल्याइतकीच, म्हणजे शंभर टक्के रक्कम वर द्यायची आहे. मराठी कागदात तिला 'दिलासा रक्कम' म्हणतात. जमिनीची किंमत वेगळी मोजूनही वर हे पैसे कशाचे? मर्जीविरुद्ध जमीन गेली, तिचे. म्हणजे जमीन हिसकावली की माणसाच्या मनाला इजा होते हे साहेबाच्या काळापासून मान्य आहे. फक्त तो दिलासा ज्याचा सातबारा त्याला. आपला बाप, आजा ज्या फॉरेस्टच्या पट्टीत राबला त्याच्या नावावर काही नाही, म्हणून त्याला अतिक्रमणवाला म्हटलं आणि दिलासा तर सोडाच, उलट दंडाची पावती हातात दिली. 2013 च्या कायद्यानं वनहक्क मिळालेल्या माणसाला जमीनमालकाच्या व्याख्येत घेतलंय. दाव्याचा कागद नीट करा असं आम्ही का ओरडतो, त्याचं हे आणखी एक कारण.

हा अंक भिंगारमधून निघतो. इथं शेजारी लष्कराची छावणी आहे. रणगाड्याच्या फौजेचं शिक्षण केंद्र 1948 पासून नगरला आहे. त्यांच्या सरावाचं मैदान म्हणजे के. के. रेंज, खारे कर्जुने गावावरून नाव पडलेलं. नगर, पारनेर, राहुरी या तीन तालुक्यांतली गावं त्या मैदानाच्या सावलीत राहतात. त्यातल्या कितीतरी गावांत भिल्ल, ठाकर वस्त्या आहेत. या पट्ट्यातल्या लोकांची जमीन आधी मुळा धरणात गेली, मग 1968 ला झालेल्या राहुरीच्या कृषी विद्यापीठात गेली, आणि जे उरलं त्याच्यावर रेंजची टांगती तलवार. 1938 चा एक कायदा आहे. त्याखाली जमीन संपादन न करता, नुसती अधिसूचना काढून, ठराविक काळ तिथं गोळीबाराचा सराव करता येतो. सातबारा तुझाच, पण अमुक दिवशी शेतात जायचं नाही. दर काही वर्षांनी आता कायमची घेणार अशी बातमी उठते. 2020 सालीही उठली होती. मोर्चे झाले, पुढारी दिल्लीला गेले, बातमी थंडावली.

जमीन गेली नाही ना, मग झालं तर, असं बाहेरचा माणूस म्हणेल. पण जमीन जाणार जाणार म्हणून वीस वर्षं जगलेल्या माणसाला विचारा. तो विहीर खोदत नाही. आंबा लावत नाही. घरावर पत्रा टाकायचा तर म्हणतो, बघू पुढच्या साली. मुलीला स्थळ येतं ते गाव उठणार हे ऐकून परत जातं. नुकसान झालं का? पंचनाम्यात शून्य.

अशीच धास्ती 13 फेब्रुवारी 2019 ला एका दिवसात देशभर पसरली होती. ज्यांचे वनहक्क दावे नामंजूर झाले त्यांना जंगलातून काढा असा आदेश सुप्रीम कोर्टानं दिला. अकरा लाखांच्या वर दाव्यांचा प्रश्न होता. 28 फेब्रुवारीला कोर्टानंच त्याला स्थगिती दिली. मधले पंधरा दिवस पाड्यापाड्यांत काय अवस्था होती ते तुम्हाला ठाऊक आहे. स्थगितीची बातमी पोचली, पण मनातली स्थगिती अजून झालेली नाही. अजूनही फॉरेस्टची जीप दिसली की म्हातारी माणसं धान्याची पोती आत ओढतात.

असं का होतं ते समजून घेऊ. धोका आला की अंग आपोआप तयार होतं. काळीज जोरात चालतं, श्वास वाढतो, हातपाय ताठतात, पळायला किंवा झुंजायला. वाघ निघून गेला की अंग निवतं. पण धोका जातच नसेल, आज नोटीस, उद्या जीप, परवा पोलीस, तर अंगाला निवायची सवय राहत नाही. ते कायम ताठलेलं राहतं. मग झोप उडते, डोकं ठणकतं, पोटात आग होते, बारीकशा आवाजानं दचकायला होतं. रागावर ताबा राहत नाही. नाहीतर उलटं, माणूस सुन्न होतो, कशाचंच काही वाटत नाही. हा भित्रेपणा नाही, आळस नाही आणि बाहेरची बाधा पण नाही. पाय मोडल्यावर चालता येत नाही, तसंच हे.

पारधी साथींचं तर पिढ्यांचं आहे. 1871 साली इंग्रजानं गुन्हेगार जमातींचा कायदा केला, 1911 ला तो सगळ्या देशाला लावता येईल असा केला. जन्मलेलं पोर चोर ठरवून टाकलं. हजेरी, पास, तारेच्या कुंपणातल्या वसाहती. 31 ऑगस्ट 1952 ला तो कायदा गेला, पण आजही कुठं चोरी झाली की आधी वस्तीवर गाडी येते. रात्री घरात घुसून बापाला फरफटत नेताना ज्या पोरानं पाहिलं, ते पोर शाळेत गप्प का बसतं याचं कोडं गुरुजींना पडतं. कोड्यासारखं त्यात काहीच नाही.

आता जरा कडू बोलतो. सगळा धसका सरकारनं दिलेला नाही. मोर्चात पुढं झेंडा धरणारा माणूस घरी जाऊन बायकोला रोज घालूनपाडून बोलतो, पोरांदेखत तिची लाज काढतो, माहेरच्यांना भेटू देत नाही, हे आपल्या गावांत आहे. हात उचलला नाही म्हणजे छळ नाही असं कुणी समजू नये. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात शिवीगाळ आणि मनाचा छळ हीसुद्धा हिंसाच धरली आहे. तालुक्याला संरक्षण अधिकारी असतो, आदिवासींना आणि कुठल्याही बाईला वकील फुकट मिळतो. घरातली गोष्ट घरात मिटवा असं गटाच्या बैठकीत जे म्हणतात, त्यांना आमचा विरोध आहे. ज्यानं जमिनीसाठी लाठी खाल्ली त्याला घरात लाठी चालवायचा परवाना मिळत नाही.

भगताबद्दलही बोललं पाहिजे. भगताकडं जाणाऱ्यांना आम्ही हसत नाही. डॉक्टर दोन मिनिटं देतो, भगत रात्रभर बसतो. तो सगळं ऐकून घेतो, नातलगांना गोळा करतो, आजाऱ्याला एकटं सोडत नाही. त्यात गुण आहे. पण जिथं तो बोट दाखवून म्हणतो की अमक्या बाईनं केलंय, तिथं थांबायचं. एकाचा धसका उतरवायला दुसरीचा जीव टांगायचा हे चालणार नाही. 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा त्यासाठीच आहे. करणी करते म्हणून कुणाला छळलं तर सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे.

मग उतरतो कसा? पहिलं औषध म्हणजे धोका खरंच कमी होणं. वनहक्क कायद्याचं कलम 4(5) पाठ करा: दाव्याची तपासणी पूर्ण होईपर्यंत कुणालाही जमिनीवरून काढता येत नाही. दावा नामंजूर झाला तर कारण लेखी कळवावं लागतं आणि त्यापासून साठ दिवसांत अपील करता येतं. हे कलम कागदावर लिहून घराच्या दाराआत चिकटवा. झोपेच्या गोळीपेक्षा कधीकधी त्याचा गुण जास्त.

हे आम्ही नुसतं आंदोलनवाले म्हणून बोलत नाही. कॅनडात ब्रिटिश कोलंबिया प्रांतात तिथल्या मूळ रहिवाशांची जवळपास दोनशे गावं-समूह आहेत. तिथं तरुण पोरांच्या आत्महत्या फार. मायकेल चँडलर आणि ख्रिस्तोफर लालोंड या दोघा अभ्यासकांनी 1998 ला दाखवलं की काही समूहांत हे प्रमाण भयंकर आहे आणि काहींत एकही आत्महत्या नाही. फरक काय? जिथं लोक जमिनीचा दावा लढत होते, शाळा, दवाखाना, कारभार स्वतःच्या हातात घेत होते, तिथं पोरं तगत होती. दाव्यानं सगळंच बरं होतं असं आम्ही म्हणणार नाही, पण एवढं ऐकून फाईल घेऊन तालुक्याला जायला बळ येतं की नाही?

दुसरं, ऐकणारं माणूस. आफ्रिकेतल्या झिम्बाब्वे देशात लाखो लोकांमागं मनाचे डॉक्टर हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. तिथं डॉ. डिक्सन चिबांडा यांनी 2006 पासून गावातल्या आज्यांनाच शिकवलं. दवाखान्याबाहेर झाडाखाली एक लाकडी बाक, त्यावर आजी आणि दुखावलेलं माणूस. बोलायचं, अडचणींतली एक निवडायची, तिच्यावर काय करता येईल ते ठरवायचं, पुढच्या आठवड्यात परत यायचं. तपासून पाहिलं तर लोकांना खरंच उतार पडला होता. आपल्या जवळ, नाशिकच्या पेठ तालुक्यातल्या आदिवासी गावांत 'आत्मीयता' नावानं असंच काम झालंय. गावातलीच माणसं शिकून तयार झाली. त्यांनी मनाचं ऐकलं आणि पेन्शन, रेशनची कामंही करून दिली. हे दुसरं आम्हाला फार शहाणपणाचं वाटतं. ज्याचं रेशन बंद आहे त्याला नुसतं मन मोकळं कर म्हणणं ही चेष्टा आहे.

ऐकताना एक पथ्य. खोदून खोदून विचारू नका. घटनेनंतर लगेच माणसाला बसवून सगळं वदवून घेतलं की बरं वाटतं असं पूर्वी समजत, तपासात तसं निघालं नाही, काहींना त्रासच वाढला. जेवलास का, रात्री कुणी सोबतीला आहे का, एवढ्यानं सुरुवात करा. तो गप्प बसला तर तुम्हीही गप्प बसा. त्याला कामावरून, बैठकीतून, बोहाड्यातून, नाचातून वगळू नका. "विसर आता" असं म्हणू नका.

आणि जिथं माणूस मरणाचं बोलतो, दोन आठवड्यांच्या वर जेवत-झोपत नाही, किंवा भास होतात, तिथं आपल्या बाकावर भागणार नाही. जिल्हा रुग्णालयात घेऊन जा, मनाच्या डॉक्टरची ओपीडी कधी आहे ते विचारा. गोळ्या लागल्या तर घ्याव्यात, त्यात कमीपणा नाही. फोनवर 14416 हा सरकारचा टेलिमानस नंबर ऑक्टोबर 2022 पासून आहे, फुकट आहे, दिवसरात्र चालतो, मराठीत बोलता येतं. कुणी औषध पिलं तर पोलीस केसच्या भीतीनं दवाखाना टाळू नका. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याप्रमाणे असा माणूस तणावाखाली होता असंच धरायचं असतं, त्याला शिक्षा करायची नसते. फवारणीचं औषध घरात पोरांच्या हाताला येईल असं ठेवू नका, कुलपात ठेवा.

राहिला रकाना. वनहक्क नियमांत म्हाताऱ्या माणसांचा लेखी जबाब हा पुरावा धरतात. आतापर्यंत आपण त्यात वहिवाट, पीक, देवस्थान, मसणवट एवढंच लिहीत आलो. यापुढं कधी कुणी हाकललं, कुठल्या साली झोपड्या जाळल्या, कोण त्यानंतर गाव सोडून गेलं, कोण परत बोललं नाही, हेही त्या जबाबात घाला. त्यानं वहिवाटीचा पुरावा पक्काच होतो, कारण जिथं कुणी राहतच नव्हतं तिथून कुणाला हाकलता येत नाही. जबाब घेताना म्हातारीला एकटं बसवू नका, शेजारी तिची सून-लेक असू द्या, आणि लिहून झालं की तिला वाचून दाखवा. एक प्रत ग्रामसभेच्या फाईलला, एक घरात, एक भिंगारला पाठवा.