थपडेच्या गोष्टीपलीकडच्या ललिताबाई

नगरहून मनमाडकडे जाणारा रस्ता कोपरगाव मागे टाकून आमच्या नगर जिल्ह्याची हद्द ओलांडतो, तेव्हा पुढे लागते ते येवले. आणि पैठणीच्या मागांसाठी साऱ्या मुलखात नावाजलेल्या या गावी, रेशमी व सुती कापडाचा व्यापार करणाऱ्या लक्ष्मणराव सगुण यांच्या घरी, १८ एप्रिल १९१६ रोजी जन्मलेली अंबू हीच पुढे ललिता पवार या नावाने मूकपटापासून दूरदर्शनपर्यंत अखंड वावरली.

त्यांच्याविषयी एक गोष्ट आपल्याकडे वारंवार सांगितली जाते, आणि ती खरीही आहे. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलाकार भगवान यांची थप्पड नको तितक्या जोराने बसली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, आणि प्रदीर्घ औषधोपचारानंतरही डावा डोळा अधू राहिला तो राहिलाच. येथवर माझी काही फिर्याद नाही. फिर्याद आहे ती यापुढे हमखास जोडल्या जाणाऱ्या वाक्याविरुद्ध: ‘त्या डोळ्यामुळेच त्या खाष्ट सासू म्हणून गाजल्या.’ एका बाईने आयुष्यभर कसलेल्या जमिनीचा सातबारा तिच्या हयातीतच एका अपघाताच्या नावे चढवण्याचा हा प्रकार आहे, आणि आपण सर्वांनी त्या फेरफारावर विनातक्रार सह्या केल्या आहेत.

वस्तुतः अपघाताच्या वेळी ललिताबाई या व्यवसायात नवशिक्या नव्हत्याच. १९२८ पासून त्या पडद्यावर होत्या. नायिकेची कामे करीत असतानाच ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या व टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’ या कादंबरीवर बेतलेल्या ‘दुनिया क्या है’ (१९३८) या बोलपटाच्या निर्मितीचा भारही त्यांनी उचलला होता. म्हणूनच, नायिकेचे दालन बंद झाल्यावर अवघ्या दोन वर्षांत प्रभातच्या ‘रामशास्त्री’त (१९४४) आनंदीबाईचे सारे कारस्थान पेलणारी अभिनेत्री जी उभी राहिली, ती पूर्वीच्या मशागतीच्या जोरावर; केवळ डोळ्याच्या व्यंगाने आनंदीबाई साकारता येत नसते.

आणि तोच डोळा, तोच चेहरा घेऊन ‘श्री ४२०’मधली केळी विकणारी गंगामाई आली, ‘अनाडी’मधली (१९५९) मिसेस डिसा आली. ही घरमालकीण आपल्या भाडेकरूवर कडाडते, पण तोंडाने रागावत असतानाच तिची माया अशी काही उघडी पडते, की तोच बारीक डोळा, जो अन्यत्र कपटाने मिटल्यासारखा भासतो, तो येथे ओल लपवण्यासाठी मिटल्यासारखा वाटू लागतो. शरीराची एकच खूण दोन परस्परविरुद्ध अर्थांना राबवणे, याला मी अभिनयविद्येतील असामान्य प्रभुत्व समजतो. या भूमिकेला फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले, तेही साहाय्यक अभिनेत्रीचे. ‘साहाय्यक’ हा शब्दच मला खटकतो. आमच्या नगरच्या सदाशिव अमरापूरकरांनाही ‘अर्धसत्य’मधील रामा शेट्टीसाठी याच रकान्यात बसवले गेले, आणि रामा शेट्टी वगळल्यास त्या चित्रपटात नायकाने झुंजावे तरी कोणाशी?

१९८७ साली ‘रामायण’ दूरदर्शनवर सुरू झाले, तेव्हा नगरच्या आमच्या वाड्यात एकच संच होता, आणि रविवारी सकाळी सारे बिऱ्हाडकरू त्याच्यापुढे दाटीवाटीने बसत. पडद्यावर ललिताबाईंची मंथरा आली की माझी आजी कडाकडा बोटे मोडी आणि तिच्या सात पिढ्यांचा उद्धार करी. पुढे एकदा त्याच संचावर ‘अनाडी’ लागला; विषारी औषधाने मिसेस डिसा गेली तेव्हा आजी पदराने डोळे टिपू लागली. मी म्हटले, “आजी, ही तुझी मंथराच की!” तिने पडद्याकडे निरखून पाहिले, मग माझ्याकडे पाहिले, आणि काही वेळाने म्हणाली, “चल, काहीतरीच तुझं. ही बाई वेगळी.”