साध्या दिवसाचा रामघाट

२०२८ चा सिंहस्थ जवळ येत आहे. मोठ्या स्नानांचे चित्रीकरण कोण करणार, ही काळजी कोणालाच नाही. कॅमेरे शेकड्यांनी येतील. मला काळजी आहे ती एखाद्या साध्या मंगळवारच्या रामघाटाची.

हे सुचले ते रॉबर्ट गार्डनर या अमेरिकन दिग्दर्शकाचा बनारसवरचा 'फॉरेस्ट ऑफ ब्लिस' (१९८६) पाहून. दीड तासात पहाटेपासून दुसऱ्या पहाटेपर्यंतचे शहर. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, बोलण्याचे भाषांतरही नाही. होड्या, कुत्री, लाकडे तोलणारा तराजू, झेंडूच्या माळा, वल्ह्यांची करकर. पहिली वीस मिनिटे माझ्यासारख्या कॉमर्सवाल्याला काही उमजेना. मग शेतातला झेंडू माळेत आणि माळेतला नदीत कसा जातो ते दिसू लागले आणि जागचे उठवेना.

एक गोष्ट मात्र पटली नाही. त्यात माणसे बोलतात, पण हिंदी न जाणणाऱ्याला तो नुसता आवाज. गार्डनरला तेच हवे होते. आपल्याला ते परवडणारे नाही. रामघाटावर पंड्याच्या वहीत पणजोबांचे नाव शोधताना, फूलवालीशी घासाघीस करताना, कार्तिक चौकातून घरी परतताना आपल्या काकू-मावश्या जे माळवी मिसळलेले मराठी बोलतात, ते पुण्याच्या पाहुण्यांना नीट कळत नाही आणि आपल्या मुलांना बोलता येत नाही. राणोजी शिंद्यांच्या काळापासून मराठी घरे इथे आहेत, पण हे बोलणे कुठल्याच दप्तरात नाही.

शहर तर डोळ्यांदेखत बदलते आहे. २०१४ मध्ये नर्मदेचे पाणी क्षिप्रेत आले. २०२२ मध्ये महाकाल लोक झाला. त्याआधी तो भाग नेमका कसा होता, यावर आमच्या घरातच दोन मते आहेत!

सिंहस्थानिमित्त महापालिकेला निवेदने द्यायची तर त्यांत रस्ते, पाणी, धर्मशाळा असणारच. शेवटी एक कलम आणखी घालावे: रामघाटाच्या एका साध्या दिवसाचे, पहाटेपासून शेजारतीपर्यंत, चित्रीकरण. मागे सनई नको, निवेदक तर नकोच. लोकांचे बोलणे मात्र स्वच्छ ऐकू यावे. खर्च एका स्वागत कमानीहूनही कमी येईल.

असले कोण पाहणार, असे कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. गार्डनरचा बनारस मी जवळजवळ चाळीस वर्षांनी पाहिला.

मंडळाने दिवस ठरवावा. रजेचा अर्ज मी आजच लिहून ठेवतो.