मांजर कोणाचे? घराचे की माणसाचे?

गेल्या वर्षी सातवीच्या वर्गात मी 'लळा' हा शब्द शिकवत होते. मराठी शब्दाला जोडीचा उर्दू शब्द मिळाला की तो मुलांच्या चांगला लक्षात राहतो. म्हणून मी म्हटले, "लळा लागणे म्हणजे मानूस होणे." मुले हसू लागली. मराठीत 'माणूस' म्हणजे इन्सान! या दोन शब्दांचे काही नाते नाही. एक अरबीतून आला, दुसरा संस्कृतातून. पण गंमत पाहा. एखादा प्राणी आपल्याजवळ राहू लागला, की उर्दूत तो 'मानूस' होतो आणि मराठीत 'माणसाळतो'.

मग मी मुलांना वाक्ये करायला सांगितली. एक मुलगा उठून म्हणाला, "कुत्र्याला माणसाचा लळा लागतो आणि मांजराला घराचा." वाक्य व्याकरणाने बरोबर होते. मी शाबासकी दिली. तेव्हा तो पुढे म्हणाला, "टीचर, पुढच्या महिन्यात आम्ही भिवंडीला राहायला जाणार. मांजर इथेच ठेवणार. त्याला घर पाहिजे असते, आम्ही नाही."

हेच वाक्य मी लहानपणी ऐकले होते.

तेव्हा मी पाचवीत होते. आम्ही मालेगावात भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होतो. आमच्याकडे मानो नावाची करड्या रंगाची मांजरी होती. अब्बा संध्याकाळी सायकलवरून घरी येत. गल्लीच्या तोंडाशी त्यांची घंटी वाजली, की मानो उंबऱ्यावर येऊन शेपटी उभी करून थांबे. पुढे मोसम नदीच्या पलीकडे आमचे स्वतःचे घर झाले. सामान हातगाडीवर चढले. मानोला कशात न्यायचे, असे मी विचारले. दादी म्हणाल्या, "बेटा, मांजर घराचे असते. नव्या घरात ते टिकत नाही." दादींना उलट कोणी बोलत नसे. मानो तेथेच राहिली.

चार-पाच दिवसांनी जुन्या शेजारच्या खाला आमच्याकडे आल्या. त्या म्हणाल्या, "तुमची मांजरी बंद दारापुढे बसून असते. दूध ठेवले तर पीत नाही. गल्लीत कोणाचीही सायकल वाजली की उठून उभी राहते." अब्बा काही बोलले नाहीत. शुक्रवारी सुट्टी होती. झाकणाची टोपली घेऊन ते निघाले, मीही त्यांच्या मागे बसले. दारात मानो नव्हती. अब्बांनी कितीतरी वेळ घंटी वाजवली. शेजारची मुले जमली, पण मानो आली नाही. त्यानंतर ती आम्हांला कधीच दिसली नाही.

घर तर तेच होते. दार तेच, उंबरा तोच. मांजर जर घराचे असते, तर मानो तेथे असायला हवी होती.

मोठी झाल्यावर या विषयावर जे मिळेल ते मी वाचले. अमेरिकेतील ओरेगन राज्याच्या विद्यापीठातील संशोधकांनी 2019 साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. तो इतका साधा आहे, की तुम्हांला सहज समजेल. मांजराचे पिल्लू आणि त्याला सांभाळणारे माणूस यांना एका अनोळखी खोलीत ठेवले. दोन मिनिटांनी ते माणूस बाहेर गेले. पिल्लू दोन मिनिटे एकटे राहिले. मग ते माणूस परत आले आणि पुढची दोन मिनिटे पिल्लू काय करते, ते पाहिले. काही पिल्ले माणसाला बिलगूनच बसली, तर काही त्याला टाळू लागली. पण बहुतेक पिल्ले त्याच्याजवळ आली, अंग घासले आणि मग निर्धास्त होऊन खोली हुंगू लागली. मधूनमधून ती पुन्हा माणसाजवळ येत. खोली अनोळखीच होती, फक्त आपले माणूस आल्याने तिची भीती गेली. ज्या 70 पिल्लांचे वर्तन नीट ठरवता आले, त्यांपैकी सुमारे 64 टक्के पिल्ले अशी होती. मोठ्या मांजरांतही जवळजवळ तेवढेच प्रमाण निघाले. आईजवळ वाढणाऱ्या तान्ह्या मुलांत हे प्रमाण सुमारे 65 टक्के असते.

सगळ्या शास्त्रज्ञांचे याबाबत एकमत नाही, हेही मी सांगायला हवे. इंग्लंडमधील लिंकन विद्यापीठाच्या दोन संशोधकांनी 2015 साली 20 मांजरांवर अशाच प्रकारचा प्रयोग केला होता. मोठे मांजर सुरक्षित वाटण्यासाठी मालकावर अवलंबून नसते, असे त्यांचे मत पडले. मला वाटते, यातही तथ्य आहे. मांजर आपली जागा वासाने ओळखते. जागा बदलली की ते गांगरते, कधी जुन्या घराकडे धावतेही. दादींनी असे मांजर पाहिले असणार. त्यांचे बोलणे अगदी खोटे नव्हते, ते अर्धे होते. मांजराला घरही लागते आणि माणूसही लागतो.

"मांजर मतलबी असते, खायला देतो म्हणून येते," असेही लोक म्हणतात. आपल्या म्हणींनीही त्याची बदनामीच केली आहे. ते डोळे मिटून दूध पिते, शिंके तुटले की बोक्याचे फावते, आणि आडवे गेले तर आपले काम बिघडते! खरे म्हणजे मांजराचे प्रेम आपल्याला वाचता येत नाही. कुत्रा अंगावर उड्या मारतो, ते कोणालाही कळते. मांजर गाल आणि डोके आपल्या पायावर घासते, तेव्हा गालाजवळच्या ग्रंथींचा वास आपल्याला लावून ठेवते. उभी शेपटी म्हणजे त्याचा सलाम. आपल्याकडे पाहून ते हळूच डोळे मिटते आणि उघडते. आपणही तसेच केले, तर ते पुन्हा डोळे मिटते आणि जवळ यायलाही तयार होते, असे ससेक्स विद्यापीठाच्या संशोधकांना 2020 साली आढळले. मोठी मांजरे एकमेकांशी क्वचितच म्यांव करतात. ती भाषा त्यांनी बहुतेक आपल्यासाठीच राखून ठेवली आहे.

जपानमधील संशोधकांनी मांजरांना आधी अनोळखी माणसांचे आणि नंतर मालकाचे आवाज ऐकवले. मालकाचा आवाज आला की मांजरांनी कान हलवले, मान वळवली. जागचे मात्र कोणी उठले नाही! 2013 सालची ही गोष्ट. हजेरीच्या वेळी ऐकूनही न बोलणारी दोन-तीन मुले प्रत्येक वर्गात असतात, त्यांची मला आठवण झाली.

हा लळा आपोआप लागत नाही. पिल्लू दोन ते सात आठवड्यांचे असताना माणसाचा हात त्याला लागला पाहिजे. त्या दिवसांत रोज 40 मिनिटे हाताळलेली पिल्ले रोज 15 मिनिटे हाताळलेल्या पिल्लांपेक्षा माणसाजवळ लवकर येतात आणि जास्त वेळ थांबतात, हे एका अमेरिकन संशोधिकेने दाखवून दिले. त्यासाठी पिल्लाला आईपासून मात्र तोडू नये. आणि शेपटी ओढणे म्हणजे हाताळणे नव्हे, हे मागच्या बाकांवरच्यांनी ध्यानात ठेवावे.

ही सोबत फार जुनी आहे. सायप्रस बेटावर सुमारे 9500 वर्षांपूर्वीची एक कबर सापडली. त्यातील माणसापासून जेमतेम 40 सेंटिमीटरवर एक मांजर पुरलेले होते. त्या बेटावर मुळात मांजरे नव्हती, म्हणजे कोणीतरी ते होडीतून नेले असणार. हजरत अबू हुरैरा यांचे नाव तर तुम्हां सर्वांना माहीत आहे. त्या नावाचा अर्थच 'मांजराच्या पिल्लाचे वडील' असा आहे.

समुद्र ओलांडताना माणसाने मांजर बरोबर नेले आणि आम्हांला एक नदी ओलांडून नेता आले नाही.

त्या मुलाला मी तास संपल्यावर थांबवून घेतले. त्याला म्हटले, "झाकणाची टोपली घ्या. नव्या घरात दोन-तीन आठवडे मांजर बाहेर सोडू नका. आधी एकाच खोलीत ठेवा, त्याचे जुने पोते तेथे पसरा. दोन दिवस ते पलंगाखाली बसेल, ओढून काढू नका. आणि टोपलीत घरातल्या कोणाचा तरी वापरलेला, न धुतलेला सदरा घाला."

"अब्बांचा घालू?" त्याने विचारले.

"रात्री ते कोणाच्या पायांशी झोपते?"

"माझ्या."

"मग तुझाच घाल," मी म्हटले.